जाहीरनामा आणि करार: मानवी हक्कांचे दोन वेगळे दस्तऐवज

मानवी हक्क पायदळी तुडवले गेले की १९४८ च्या जाहीरनाम्याचा हमखास दाखला दिला जातो. १० डिसेंबर १९४८ रोजी पॅरिस येथे संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने ४८ विरुद्ध शून्य मतांनी संमत केलेला हा ३० कलमांचा दस्तऐवज मुळात ठराव आहे. सोव्हिएत संघासह सहा साम्यवादी सदस्य, सौदी अरेबिया आणि दक्षिण आफ्रिका त्या वेळी तटस्थ राहिले. त्यावर कोणत्याही देशाची सही नाही, म्हणून तेवढ्याच्या आधारे कोणाला कायदेशीर जाब विचारता येत नाही. (छळबंदीसारखे त्यातील काही नियम पुढे रूढ आंतरराष्ट्रीय कायद्यात, म्हणजे देशांच्या प्रथेतून बंधनकारक ठरलेल्या नियमांत, रुजले, ही गोष्ट वेगळी.)

बंधन येते ते १६ डिसेंबर १९६६ रोजी संमत होऊन १९७६ मध्ये अमलात आलेल्या दोन करारांमुळे. पैकी आर्थिक, सामाजिक व सांस्कृतिक हक्कांचा करार देशाच्या साधनसामग्रीनुसार टप्प्याटप्प्याने पाळायचा आहे, तर नागरी व राजकीय हक्कांच्या करारात अशी सवलत नाही. मात्र जाहीरनामा सर्वांना उद्देशून आहे आणि करार केवळ तो स्वीकारणाऱ्यांना लागू होतो. अंमलबजावणीतील विषमता माझ्या मते इथूनच सुरू होते. चीनने नागरी हक्कांच्या करारावर १९९८ मध्ये सही केली, पण त्याला अद्याप अंतिम मान्यता दिलेली नाही. अमेरिकेने १९९२ मध्ये मान्यता दिली खरी, पण अल्पवयीन असताना केलेल्या गुन्ह्यासाठी मृत्युदंड देण्याची मुभा राखून ठेवली, आणि कराराची कलमे देशातील न्यायालयांत आपोआप लागू होणार नाहीत, असेही जाहीर केले. याउलट, १९९७ मध्ये उत्तर कोरियाने बाहेर पडण्याचे कळवले तेव्हा या करारात माघारीची तरतूदच नसल्याचे त्याला सांगण्यात आले. कागदोपत्री तो देश आजही बांधील आहे.

नागरी व राजकीय हक्कांच्या करारावर देखरेख ठेवणारी १८ सदस्यांची मानवी हक्क समिती व्यक्तीची तक्रार ऐकते, पण त्यासाठी संबंधित देशाने स्वतंत्र पूरक करार स्वीकारलेला असावा लागतो. भारत १९७९ मध्ये दोन्ही मूळ करारांत सामील झाला. हा पूरक करार मात्र त्याने स्वीकारलेला नाही. समितीचे मत न्यायालयाच्या निकालासारखे बंधनकारक नसते. ऑस्ट्रेलियाच्या टास्मानिया राज्यातील समलैंगिक संबंधांवरील बंदीविरुद्ध समितीने १९९४ मध्ये मत दिल्यावर ऑस्ट्रेलियाने त्याच वर्षी संघराज्यीय कायदा केला. मृत्युदंड झालेल्या कैद्यांच्या तक्रारी वाढल्यावर जमैका १९९७ मध्ये पूरक करारातूनच बाहेर पडला, कारण तिथे माघारीची वाट खुली होती.