रिजेक्शन मीटिंग

फाउंड्रीत, म्हणजे ओतकामाच्या कारखान्यात, नापास झालेल्या कास्टिंगची (ओतीव भागांची) कारणे शोधण्यासाठी भरणारी बैठक. कोल्हापुरात शिवाजी उद्यमनगर, शिरोली, गोकुळ शिरगाव आणि कागल-हातकणंगले या औद्योगिक वसाहतींत ओतकामाचे कारखाने दाटीने आहेत. तिथे ‘माल रिजेक्ट आला’ हे शब्द मालकापासून भट्टीवाल्यापर्यंत सगळ्यांना सारखेच झोंबतात.

नापास कास्टिंग पुन्हा भट्टीत जाते, म्हणून लोखंड फारसे वाया जात नाही. वीज, वाळू, कोअर (कास्टिंगमधली पोकळी घडवणारा वाळूचा गाभा) आणि मजुरी मात्र बुडते. त्याहून वाईट म्हणजे पृष्ठभागाखालचा ब्लोहोल, म्हणजे अडकलेल्या वायूने धातूत पडलेले भोक. कास्टिंग बाहेरून निर्दोष दिसते, गिऱ्हाइकाकडे मशिनिंगला चढते आणि टूल फिरल्यावर भोक उघडे पडते. तोवर त्याच दोषाचे आणखी शेकडो नग ओतून झालेले असू शकतात.

ब्लोहोलला कारण एकच नसते. वाळूत ओल जास्त, व्हेंट (वायू बाहेर जाण्याची छिद्रे) बुजलेले, कोअर नीट भाजलेला नाही, लॅडल (धातू ओतायचे भांडे) पुरते तापवलेले नाही किंवा ओतताना धातू थंड झालेला, यांपैकी काहीही असू शकते. ग्रीन सँडमध्ये, म्हणजे साच्याच्या ओलसर वाळूत, साधारण ३ ते ४ टक्के पाणी लागते. कोल्हापूरच्या पावसाळ्यात उघड्यावरची वाळू भिजली की हे गणित बिघडते. प्रयोगशाळेचा आकडा येण्याआधी जुना मोल्डर (साचे बनवणारा) मूठभर वाळू दाबून, मोडून पाहतो आणि ‘आज पाणी जास्त झालंय’ म्हणतो. त्याला विचारले तरच ते बैठकीपर्यंत पोहोचते.

आणि नेमके तिथेच बहुतेक बैठका फसतात. दोष निघाला की मजुरी कापायची ही रीत असेल, तर दोष लपतो. भोकात लांबी (पुटी) भरून वर रंग मारला जातो. कामगाराने खाडा, दंड किंवा बोलणी न खाता ‘हा बॉक्स (साचा) माझ्याकडून बिघडला’ असे सांगू शकणे, ही या पद्धतीची पहिली अट आहे. तिच्याशिवाय जपानी गुणवत्तातज्ज्ञ इशिकावांची, दोषाची कारणे मांडणारी माशाच्या सांगाड्याची आकृती भिंतीवरची शोभा ठरते.

कामगारांच्या सूचनांना पद्धतशीर स्थान देण्याची परंपरा जपानमधली. टोयोटाने १९५१ मध्ये सूचना योजना सुरू केली; क्वालिटी सर्कल, म्हणजे कामातले दोष सोडवणारे कामगारांचे छोटे गट, १९६२ पासून जपानमध्ये रुजली. भारतात भेलच्या (भारत हेवी इलेक्ट्रिकल्सच्या) हैदराबाद कारखान्यात १९८० मध्ये पहिले सर्कल स्थापन झाले. कोल्हापूरला मात्र ही वृत्ती अगदीच परकी नव्हती. म्हादबा मेस्त्रींसारख्या कारागिरांनी इथे ऑइल इंजिने घडवली, ती करून, चुकून, पुन्हा करूनच. पुढे शेतावर वीज पोहोचली, इंजिनांची मागणी ओसरली आणि अनेक कारखाने वाहनांच्या कास्टिंगकडे वळले. त्या वळणावर मेस्त्रींच्या हातातले ज्ञानच भांडवल म्हणून उपयोगी आले.

आज अडचण वेगळी आहे. मोल्डिंग आणि फेटलिंगवर (ओतलेला भाग घासून साफ करण्याच्या कामावर) ठेकेदाराकडचे, परराज्यांतून आलेले कामगार बरेच असतात आणि बैठक मराठीत चालते. दोष सर्वांत आधी फेटलिंगवाल्याच्या ग्राइंडरखाली दिसतो, पण त्याला बैठकीत खुर्ची नसते. यावर चांगला उपाय म्हणजे नापास कास्टिंग मधोमध कापून शॉपमध्येच टेबलावर ठेवणे. भोक कुठे आहे, रायझरच्या (साच्यातल्या जादा धातूच्या खांबाच्या) बाजूला की कोअरला लागून, हे कुणालाही बोटाने दाखवता येते.