गेम मॉनिटरवर, व्हीआर हेडसेटमध्ये अंधार: फॉरमॅट मारण्याआधी हे वाचा

"ओ मालक, गेम लागलाय, आवाज पण येतोय, मॉनिटरवर सगळं दिसतंय, पण डोळ्यासमोर नुसता अंधार. काय करू?" शनिवारी रात्री आणि रविवारी सकाळी येणारे आमचे बहुतेक फोन असेच सुरू होतात. पुढचे वाक्यही ठरलेले असते: "विंडोज नवीन मारून बघितली, तरी तसंच."

तेवढ्यासाठी हा कागद छापला आहे. व्हीआर हेडसेट (डोळ्यांवर चढवून खेळायचा, आत पडदा आणि भिंगे असलेला) आमच्याकडून घेतलेला असो की ऑनलाइन मागवलेला, वाचायला पैसे नाहीत. पीसीला हेडसेट जोडता येतो, स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात खाते आहे, ग्राफिक कार्डाचा ड्रायव्हर अपडेट करता येतो, एवढे धरून चाललो आहोत.

वरच्या तक्रारीत हेडसेट खराब नसतो, कार्ड खराब नसते आणि बहुतेक वेळा केबलही खराब नसते. गेम आणि हेडसेट यांच्यामधला जो माणूस आहे, तो चुकीचा नेमलेला असतो.

व्हीआर गेम थेट हेडसेटशी बोलत नाही. मध्ये रनटाइम नावाचे सॉफ्टवेअर असते. डोके किती वळले ते रनटाइम गेमला सांगतो, गेमकडून दोन्ही डोळ्यांसाठी दोन चित्रे घेतो, भिंगांच्या आकारानुसार ती वाकवतो आणि हेडसेटकडे पाठवतो. ९० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ९० चित्रे दाखवणाऱ्या, हेडसेटला हे सगळे साधारण ११ मिलिसेकंदांत उरकावे लागते. प्रत्येक कंपनीने आपापला रनटाइम काढला. २०१६ च्या मार्चमध्ये ऑक्युलस रिफ्ट आला, एप्रिलमध्ये एचटीसी व्हाइव्ह आला, आणि तेव्हापासून एकासाठी लिहिलेला गेम दुसऱ्यावर सरळ चालेलच असे राहिले नाही. सोलापुरात हे समजावणे सोपे जाते. एका मागाच्या जॅकार्डसाठी, म्हणजे नक्षी विणवणाऱ्या यंत्रासाठी, पाडलेली कार्डे दुसऱ्या मापाच्या जॅकार्डवर चढत नाहीत. नक्षी तीच, सूत तेच, तरी चादर निघत नाही.

मग क्रोनोस या संस्थेने जुलै २०१९ मध्ये ओपनएक्सआर १.० हे सामाईक माप जाहीर केले. आता बहुतेक नवे गेम त्याच मापाने लिहिले जातात. पण माप एक झाले म्हणून माग एक झाला नाही. तुमच्या पीसीवर स्टीमचे स्टीमव्हीआर आहे, मेटा (ऑक्युलसची मालक कंपनी) हिचे लिंक ॲप आहे, कुणाकडे व्हर्च्युअल डेस्कटॉप हे वायरलेस जोडणीचे ॲपही आहे, आणि या प्रत्येकाचा रनटाइम वेगळा. विंडोजमध्ये मात्र एका वेळी एकाच रनटाइमचे नाव 'ॲक्टिव्ह' म्हणून नोंदलेले असते. ओपनएक्सआरचा गेम उघडला की तो साधारणपणे ही नोंद बघतो आणि त्या पत्त्यावर जातो. तिथे हेडसेट जोडलेलाच नसेल, तर गेम निमूट मॉनिटरवर उघडतो. एखादे जुने ॲप काढून टाकल्यावरही कधी कधी त्याचे नाव नोंदीत तसेच राहते. मग गेम कुलूप लागलेल्या घराची कडी वाजवत बसतो.

वेळ खाणारी चूक ती हीच: ही नोंद न बघता लोक आणखी ॲप घालतात. व्हिडिओ बघून एक, मित्राने सांगितले म्हणून दुसरे. ते जमले नाही की विंडोज मारतात. नवीन विंडोजवर पुन्हा तीच ॲप घातली की पुन्हा तीच भानगड उभी राहू शकते, आणि मधल्या वेळात शंभर-शंभर जीबीचे गेम परत उतरवायचे ते वेगळेच.

जुळे सोलापुरातले एक ग्राहक टॉवर (पीसीचा डबा) गाडीवर पुढे ठेवून घेऊन आले होते. तीनदा फॉरमॅट झाला होता. त्यांचा प्रश्न मात्र अगदी बरोबर होता: "हाफ-लाइफ ॲलिक्स मस्त चालतो, मग फ्लाइट सिम्युलेटरच का चालना झालाय?" उत्तरही त्यातच आहे. २०२० चा ॲलिक्स व्हॉल्व्हच्या (स्टीमची मालक कंपनी) जुन्या ओपनव्हीआर मापाचा. तो ॲक्टिव्ह नोंद बघत नाही, सरळ स्टीमव्हीआर उघडतो. मायक्रोसॉफ्टचा फ्लाइट सिम्युलेटर ओपनएक्सआरचा, तो नोंद बघतो, आणि यांच्या नोंदीत कधीच काढून टाकलेल्या ॲपचे नाव होते. आम्ही एक बटण दाबले. ते गृहस्थ दोन मिनिटे काही बोललेच नाहीत, मग म्हणाले, "तीन रविवार गेले की ओ."

नोंद कुठे बघायची ते सांगतो. मेटाच्या पीसीवरच्या ॲपमध्ये (नाव अधूनमधून बदलते, पूर्वी नुसते ऑक्युलस होते, पुढे त्यात लिंक आले) सेटिंग्जमध्ये जनरल या भागात 'ओपनएक्सआर रनटाइम' अशी ओळ आहे. स्टीमव्हीआरमध्ये सेटिंग्ज उघडून ओपनएक्सआर या भागात जा, जुन्या आवृत्तीत तो डेव्हलपर या भागात होता. दोन्हीकडे 'आम्हाला ॲक्टिव्ह करा' अशा अर्थाचे बटण आहे. जो खरा ॲक्टिव्ह आहे तिथे ते आधीच लागलेले दिसेल. व्हर्च्युअल डेस्कटॉपच्या पीसीवरच्या भागात, म्हणजे स्ट्रीमरमध्येही, ही निवड आहे, तिथे व्हीडीएक्सआर हे नाव दिसेल.

कोणता निवडायचा, हे हेडसेट पीसीला कोणत्या वाटेने जोडला आहे त्यावर ठरते. क्वेस्ट (मेटाचा हेडसेट) मेटाच्या लिंक केबलने किंवा एअर लिंकने (मेटाची वायरलेस जोडणी) जोडला असेल तर मेटाचा. क्वेस्टवर स्टीम लिंक ॲप वापरत असाल तर स्टीमव्हीआर. व्हर्च्युअल डेस्कटॉप असेल तर व्हीडीएक्सआर. व्हॉल्व्ह इंडेक्स, व्हाइव्ह किंवा अडॅप्टर लावलेला प्लेस्टेशन व्हीआर २ असेल तर स्टीमव्हीआर, दुसरा विचारच नको. लिंक केबलवर असताना स्टीमव्हीआर ॲक्टिव्ह ठेवले तरी गेम चालतो, पण चित्र दोन रनटाइममधून फिरून येते, आणि मध्यम ताकदीच्या कार्डावर तो वळसा डोळ्यांना जाणवतो. लोक याला 'लॅग' म्हणतात आणि नवीन कार्डाचा भाव विचारायला येतात. कार्ड विकायला आम्हाला आवडेलच, पण आधी नोंद बघा.

आणि एका वेळी एकच वाट. लिंक ॲप, स्टीम लिंक आणि व्हर्च्युअल डेस्कटॉप तिन्ही मागे चालू ठेवून "हँग होतंय" म्हणू नका. दोन वाटांनी ओढला तर क्वेस्ट तरी काय करणार?

"एक बटण दाबायचे पैसे कसले?" असे आम्हाला तोंडावर विचारले जाते. रास्त आहे. पण बटण दाबण्याआधी आम्ही टॉवर ठेवून घेतो, नको ती ॲप काढतो, उरलेल्या नोंदी साफ करतो, आणि तुमचेच दोन गेम, एक जुन्या मापाचा आणि एक नव्या मापाचा, प्रत्येकी अर्धा तास डोक्यावर लावून चालवून बघतो. म्हणूनच टॉवर लगेच परत मिळत नाही. एवढे वाचून तुमचे तुम्हालाच जमले तर उत्तमच. फोनवर विचारलेत तर त्याचे पैसे आम्ही कधीच घेतले नाहीत.

आता गेम कुठून विकत घ्यायचा ते. पीसीवर खेळायचे ठरले असेल आणि पुढेमागे हेडसेट बदलायची शक्यता असेल, तर स्टीमवरून घ्या. तिथला व्हीआर गेम हेडसेट बदलला तरी सहसा तुमच्याकडेच राहतो. मेटाच्या दुकानात दोन प्रकार आहेत: क्वेस्टवर स्वतंत्र चालणारा आणि पीसीवर चालणारा. काही गेम एकदा घेतले की दोन्हीकडे मिळतात, सगळे नाही. क्वेस्टच्या आत घेतलेला गेम पीसीवर "दिसत नाही" ही तक्रार नसून खरेदीतली चूक आहे, आणि ती आम्हाला दुरुस्त करता येत नाही. अ‍ॅसगार्ड्स रॅथचे उदाहरण घ्या. पहिला भाग २०१९ चा, पीसीचा. दुसरा २०२३ चा, फक्त क्वेस्टचा. नाव तेच बघून दुसरा घेतला आणि पीसीवर शोधत बसले, असे इथे झाले आहे. बीट सेबरही स्टीमचा वेगळा आणि मेटाचा वेगळा, एकाचे पैसे दुसरीकडे धरत नाहीत.

मेटाच्या पीसी दुकानातला जुना गेम, म्हणजे लोन एको वगैरे, इंडेक्स किंवा व्हाइव्हवर खेळायचा असेल तर रिव्हाइव्ह नावाचे फुकट सॉफ्टवेअर आहे. ऑक्युलसचा गेम जे बोलतो ते रिव्हाइव्ह दुसऱ्या हेडसेटच्या भाषेत फिरवून सांगते. त्याची गोष्ट मजेशीर आहे. २०१६ च्या मेमध्ये ऑक्युलसने हेडसेट आपलाच आहे का हे तपासायला सुरुवात केली आणि रिव्हाइव्ह बंद पडले. करणाऱ्याने तोड काढली, पण त्या तोडीत गेम विकत घेतला आहे की नाही ही तपासणीही निघून गेली. मोठा गदारोळ झाला. जूनमध्ये कंपनीने हेडसेटची अट काढून घेतली आणि रिव्हाइव्हनेही ती तोड मागे घेतली. आम्ही रिव्हाइव्ह बसवून देतो, मात्र गेम तुमच्या खात्यावर विकत घेतलेला पाहिजे. पेन ड्राइव्हवर आणलेला क्रॅक बसवत नाही, कितीही ओळख सांगितलीत तरी. क्वेस्टवाल्यांना लिंक केबलवर रिव्हाइव्हची गरजच नाही.

एक सावधगिरी जुना माल घेणाऱ्यांसाठी. एचपी रिव्हर्ब जी२ किंवा 'विंडोज मिक्स्ड रिॲलिटी' असे लिहिलेला हेडसेट स्वस्तात मिळतो म्हणून उचलू नका. मायक्रोसॉफ्टने डिसेंबर २०२३ मध्ये ती व्यवस्था बंद करत असल्याचे जाहीर केले आणि विंडोज ११ च्या २४एच२ आवृत्तीतून ती काढून टाकली. पीसी अपडेट झाला की हेडसेट नुसता डब्यात. असा हेडसेट आधीच घरात असेल तर विकू नका, टॉवरसकट घेऊन या. एनव्हिडियाचे कार्ड असेल तर ओएसिस नावाच्या ड्रायव्हरने तो स्टीमव्हीआरवर चालवता येतो. एएमडीचे कार्ड असेल तर तो मार्ग नाही.

वायरलेस खेळणाऱ्यांनी इंटरनेटचा मोठा प्लॅन घेऊ नये. चित्र तुमच्या पीसीतून राउटरला आणि राउटरमधून हेडसेटला जाते, घरातल्या घरातच. बाहेरच्या लाइनचा त्याच्याशी संबंध नाही. पैसे खर्चायचेच असतील तर पीसीपासून राउटरपर्यंत लॅन केबल ओढा, हेडसेट ५ गिगाहर्ट्झवर जोडा आणि राउटर खेळायच्या खोलीतच ठेवा. जुन्या पेठांतल्या जाड दगडी भिंतींपलीकडे ५ गिगाहर्ट्झ टिकत नाही. लॅन केबल आम्ही हव्या त्या मापाची करून देतो. क्वेस्टसाठी यूएसबी केबल घेताना मात्र मोबाइल चार्जरची वायर लावून बघू नका. काही वायरींतून फक्त चार्जिंग होते, डेटा जातच नाही. लिंक ॲपमध्ये केबलचा वेग तपासायची सोय आहे, दुकानात येण्याआधी तो आकडा बघा.

लॅपटॉपवाल्यांनी विंडोजच्या ग्राफिक्स सेटिंगमध्ये गेम आणि व्हीआर ॲप दोन्ही 'हाय परफॉर्मन्स'वर ठेवावेत. नाहीतर काम प्रोसेसरमधल्या छोट्या ग्राफिकवर जाते आणि मोठे कार्ड रिकामे बसते.

सोलापूरच्या उन्हाबद्दल दोन शब्द, कारण ही दुरुस्ती आमच्याकडे होत नाही. हेडसेट खिडकीत, गच्चीवर किंवा गाडीच्या डॅशबोर्डवर भिंगे वर करून ठेवू नका. भिंगाने कागद जाळायचा खेळ लहानपणी सगळ्यांनी केला आहे. इथे कागदाच्या जागी आतला पडदा असतो. काही मिनिटांत पिवळा डाग पडतो आणि तो कायमचा. एप्रिल-मेमध्ये दुपारी एसी नसलेल्या खोलीत हेडसेट तापून बंद पडला तर तो बिघाड समजू नका, संध्याकाळी खेळा.

टॉवर आणताना हेडसेट, दोन्ही कंट्रोलर आणि तुम्ही रोज वापरता तीच केबल आणा, आमच्या केबलवर तपासून उपयोग नाही. स्टीमचा आणि मेटाचा पासवर्ड आठवून या, ओटीपी येणारा मोबाइल सोबत असू द्या. अर्धे लोक त्यासाठीच परत घरी जातात. जानेवारीतल्या गड्ड्याच्या (सिद्धेश्वराच्या) यात्रेच्या दिवसांत दुकान दुपारी चारलाच बंद होते, तेव्हा टॉवर सकाळीच आणा.