ऑनलाइन प्रश्नमंजुषा-खेळ : शोध, प्रवेश आणि नागपुरातील वापर

शिक्षक आपल्या खात्यातून प्रश्नांचा खेळ सुरू करतो, पडद्यावर एक कोड येतो, मुले तो कोड फोन, टॅब किंवा संगणकावर टाकतात आणि सगळा वर्ग एकाच वेळी उत्तरे देतो. या प्रकाराला ऑनलाइन प्रश्नमंजुषा-खेळ म्हणतात. शाळेत मात्र ‘क्विझ’, ‘कोडवाला गेम’ किंवा थेट ‘कहूट’ अशीच नावे चालतात. कहूट, क्विझिझ, गिमकिट, ब्लुकेट, क्विझलेट लाइव्ह ही यांतली परिचित नावे. गुगल फॉर्मवरची चाचणी याच कुळातली असली तरी तिच्यात सगळ्यांनी एकत्र खेळणे नसते, म्हणून ती वेगळी धरावी.

कहूटचा जन्म नॉर्वेतला. ट्रॉन्डहाइमच्या विज्ञान व तंत्रज्ञान विद्यापीठातील प्राध्यापक आल्फ इंगे वांग यांच्या संशोधनातून तो आला. कंपनी २०१२ मध्ये स्थापन झाली आणि २०१३ मध्ये खेळ सर्वांसाठी खुला झाला. क्विझिझ आपल्याकडचे आहे. अंकित गुप्ता आणि दीपक जॉय चीनाथ यांनी २०१५ मध्ये ते बंगळुरूत सुरू केले. २०२५ मध्ये त्याचे नाव ‘वेग्राउंड’ झाले, पण शिक्षकांच्या तोंडी अजून जुनेच नाव आहे. गिमकिट २०१७ मध्ये जोश फाइन्सिल्बर या अमेरिकेतील सिएटल परिसरातल्या शाळकरी मुलाने बनवले. त्यात बरोबर उत्तराला खेळातले पैसे मिळतात आणि ते खर्चून पुढच्या उत्तरांची किंमत वाढवता येते.

प्रवेश : खेळात शिरायला बहुधा खाते लागत नाही. खाते लागते ते खेळ चालवणाऱ्याला. त्याने खेळ उघडला की पडद्यावर पाच-सात आकडी पिन आणि बहुतेक वेळा क्यूआर कोड दिसतो. मुलाने प्रवेशाचे पान उघडायचे, पिन टाकायचा, नाव लिहायचे आणि थांबायचे. या थांबण्याच्या जागेला ‘लॉबी’ म्हणतात. मोठ्या पडद्यावर एकेक नाव उमटत जाते. नको ते नाव शिक्षक तिथूनच काढून टाकू शकतो. सगळे आले की दार बंद करून खेळ सुरू करता येतो.

वेळ जातो तो इथेच. नागपुरातल्या कुठल्याही संगणक कक्षात पहिल्यांदा खेळ लावला की मागच्या बाकावरून आवाज येतो, “मॅडम, कोड घेऊनच नाही राहिला!” कारणे ठरलेली असतात. मूल कहूट डॉट इट या प्रवेशाच्या पानाऐवजी कहूट डॉट कॉमवर गेलेले असते. तिथे मंजुषा तयार होतात आणि खाते उघडा म्हणून विचारले जाते. किंवा ब्लुकेटचा क्रमांक गिमकिटच्या पानावर टाकलेला असतो. किंवा एक अंक गळालेला असतो. सर्वांत जास्त वेळा होते ते असे, की कोड कालच्या तासाचा असतो. तो वहीच्या कोपऱ्यात लिहून ठेवलेला असतो आणि मुलाला वाटते की तो या खेळाचा कायमचा क्रमांक आहे. तसे नसते. थेट खेळाचा कोड त्या एका बैठकीपुरता असतो. शिक्षकाने खेळ संपवला की कोडही संपतो आणि तोच खेळ पुन्हा लावला की नवा कोड येतो. घरी करण्यासाठी दिलेल्या खेळाचे वेगळे आहे. त्याला मुदत असते आणि त्या तारखेपर्यंत दुवा किंवा कोड चालू राहतो. पालकांच्या व्हॉट्सॲप गटावर येतो तो बहुधा हाच दुसरा प्रकार.

क्यूआर कोड पडद्यावरून स्कॅन करणे सगळ्यांत सोपे, पण दुपारच्या तासाला खिडकीतून ऊन पडद्यावर आले की कॅमेऱ्याला तो सापडत नाही. कोड फळ्यावर खडूने मोठ्या अंकांत लिहिणे हा उपाय साधा आहे आणि दर वेळी उपयोगी पडतो.

कोड शोधत फिरणे : ‘आत्ता चालू असलेले कोड’ या नावाच्या याद्या आणि व्हिडिओ इंटरनेटवर पुष्कळ आहेत. मुले ते शोधतात. त्यातून काही मिळत नाही. कोड तोवर मेलेला असतो किंवा कोण्या अनोळखी वर्गात नेऊन सोडतो. तिथल्या शिक्षकाच्या पडद्यावर अचानक परके नाव उमटते आणि पुढची पाच मिनिटे तो वर्ग शिकत नाही, नाव कोणाचे ते शोधतो. कोरोनाकाळात शाळा बंद असताना हे प्रकार वाढले होते. आज्ञावलीच्या मदतीने शेकडो खोटे खेळाडू एका कोडवर सोडण्याचाही उपद्रव झाला. त्यावर उपाय म्हणून कहूटमध्ये दुहेरी प्रवेशाची सोय आहे : पिनबरोबर रंगीत आकृत्यांचा एक क्रम टाकावा लागतो आणि तो दर काही सेकंदांनी बदलतो. वर्गातला पडदा समोर नसेल तर तो क्रम कळत नाही. शिक्षकाने ही सोय चालू ठेवावी, आणि कोडचा फोटो समाजमाध्यमावर टाकू नये. कोड हा वर्गाच्या दाराच्या किल्लीसारखा आहे. ती ज्याच्या हाती द्यायची त्याचा चेहरा शिक्षकाला माहीत असला पाहिजे.

मंजुषा शोधणे : ज्याला खेळायचेच आहे त्याने कोड नव्हे, मंजुषा शोधावी. बहुतेक ठिकाणी इतरांनी तयार करून खुल्या ठेवलेल्या मंजुषांचे ग्रंथालय असते. आवडली ती उघडून स्वतः चालवता येते, एकट्याने सराव करता येतो किंवा प्रत करून बदलता येते. शिष्यवृत्ती परीक्षेची किंवा आठवीतल्या एनएमएमएस (आर्थिक दुर्बल घटकांसाठीची केंद्रीय शिष्यवृत्ती) परीक्षेची तयारी करणाऱ्यांना याचा फार उपयोग होतो.

मराठीत शोधताना मात्र चिकाटी लागते. इंग्रजीत ‘प्रकाशसंश्लेषण’ या विषयावर शोधले तर मंजुषांचा ढीग येतो. देवनागरीत शोधले तर हातावर मोजण्याइतक्या येतात, आणि त्यांतल्या काही प्रत्यक्षात हिंदी असतात. बऱ्याच शिक्षकांनी प्रश्न मराठीत लिहिलेले असतात, पण शीर्षक रोमन लिपीत दिलेले असते. म्हणून धड्याचे नाव देवनागरीत, मग रोमन लिपीत, मग इयत्ता आणि विषय घालून असे तिन्ही प्रकारे शोधावे. विदर्भातल्या शाळा उन्हामुळे उर्वरित महाराष्ट्रापेक्षा उशिरा, जूनच्या उत्तरार्धात भरतात. त्यामुळे पहिल्या धड्यावर पुण्या-नाशिककडच्या कोणी काही तयार केले असेल तर नागपूरच्या शिक्षकाला ते आयते मिळू शकते.

मिळालेली मंजुषा न वाचता वर्गात लावू नये. यात सूट नाही. महाराष्ट्रात जिल्हे किती, या प्रश्नाला ३५ हे उत्तर बरोबर धरणारी जुनी मंजुषा आजही सापडू शकते. पालघर १ ऑगस्ट २०१४ रोजी वेगळा झाला आणि संख्या ३६ झाली. राज्ये व केंद्रशासित प्रदेश यांचेही तसेच : २६ जानेवारी २०२० पासून २८ आणि ८. ज्या मुलाने बरोबर ३६ निवडले त्याच्या पडद्यावर लाल फुली उमटते आणि संपूर्ण वर्ग ती पाहतो. तिथल्या तिथे शिक्षकाने चूक मान्य केली तरी गुण परत येत नाहीत.

परिसराचे प्रश्न तर आयते मिळतच नाहीत. शहराला पाणी कोणत्या धरणातून येते? नाग नदीच्या काठाने शहर कसे वाढले? १७०२ मध्ये नागपूर वसवणारा देवगडचा (कोकणातले नव्हे, मध्य प्रदेशातल्या छिंदवाड्याजवळचे देवगड) गोंड राजा बख्त बुलंद शाह, त्याच्या नावापुढे भोसले राजांची नावे पर्याय म्हणून ठेवली की मुले हमखास अडखळतात, कारण त्यांनी महाल भागातला भोसल्यांचा वाडा पाहिलेला असतो आणि गोंड राजवटीविषयी कमी ऐकलेले असते. पेंच, अंबाझरी, झिरो माईल, रामटेक यांवरचे असे प्रश्न शिक्षकालाच लिहावे लागतात. चांगल्या चुकीच्या पर्यायांत मंजुषेचा कस असतो. चार पर्यायांतले तीन उघड खोटे असतील तर मूल विचार न करता चौथा दाबते.

वेग आणि गुण : कहूटच्या नेहमीच्या खेळात बरोबर उत्तराला जास्तीत जास्त १००० गुण मिळतात आणि वेळ जाईल तसे ते कमी होतात. २० सेकंदांच्या प्रश्नाला २ सेकंदांत उत्तर दिले तर ९५०, १० सेकंदांत दिले तर ७५०, आणि अगदी शेवटच्या क्षणी दिले तर सुमारे ५००. म्हणजे प्रश्न नीट वाचून उत्तर देणाऱ्याला घाईने दाबणाऱ्यापेक्षा कमी गुण. ज्याच्या घरी मराठी बोलली जात नाही, ज्याचा फोन जुना आहे किंवा ज्याला देवनागरी वाचायला थोडा वेळ लागतो, ते मूल उत्तर येत असूनही खाली राहते. नागपुरात मराठी, हिंदी, उर्दू, इंग्रजी अशा चारही माध्यमांच्या शाळा आहेत आणि एकाच वाड्या-वस्तीत या भाषांची सरमिसळ असते. इथे वेळेची मर्यादा सढळ ठेवणेच न्याय्य. कहूटमध्ये ती ५ पासून २४० सेकंदांपर्यंत ठेवता येते. क्विझिझमध्ये प्रश्न मुलाच्या स्वतःच्या पडद्यावर येतो, त्याच्याच गतीने पुढे जातो आणि वेळेचे गुण बंद करता येतात. गणिताच्या तासाला हेच बरे.

मराठी प्रश्न लिहिताना आणखी एक अडचण येते. ‘विद्यार्थ्यांनी’ हा शब्द वाचायला चार अक्षरांचा, पण युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकाच्या अक्षर-नोंदीत, काना, मात्रा, जोडाक्षराचा हलन्त आणि अनुस्वार वेगळे मोजले जातात आणि तो १५ जागा घेतो. जिथे प्रश्नाच्या लांबीवर मर्यादा आहे तिथे मराठी वाक्य लवकर अडते. तेव्हा प्रश्न लहान करावा, नाहीतर चित्र लावावे.

साधने आणि ‘लाइन’ : बहुतेक शाळांत मुलांना फोन आणू देत नाहीत, आणि ते योग्यच आहे. म्हणून खेळ एक तर संगणक कक्षात, दोन-तीन मुलांच्या गटाने, किंवा संध्याकाळी घरी. गटाने खेळण्यात तोटा नाही. उत्तर दाबण्यापूर्वी ती आपसांत वाद घालतात आणि शिकणे तिथेच होते. शिक्षकाच्या फोनच्या हॉटस्पॉटवर अख्खा वर्ग जोडण्याचा प्रयत्न सहसा फसतो, कारण अनेक फोनमध्ये एका वेळी दहाएकच साधने जोडता येतात. मोफत खात्यांतही खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा असते आणि ती बदलत राहते, तेव्हा तासाआधी ती पाहून घ्यावी. एप्रिलच्या सकाळच्या शाळेत मधेच लाइन, म्हणजे वीज, गेली तर वायफाय आणि प्रोजेक्टर दोन्ही जातात. असा तास ज्याने घेतला आहे तो प्रश्नांचा कागद जवळ ठेवतो.

काटोल, कुही, भिवापूर अशा तालुक्यांतल्या लहान शाळांसाठी या सगळ्यांत उत्तम साधन प्लिकर्स आहे, आणि त्याची माहिती सर्वांत कमी आहे. त्यात मुलांच्या हाती फोन नसतो, कागदाचे कार्ड असते. प्रत्येक कार्डावर वेगळी काळी-पांढरी चौकोनी आकृती आणि तिच्या चार बाजूंना बारीक अक्षरांत ए, बी, सी, डी. जे उत्तर द्यायचे ती बाजू वर करून कार्ड धरायचे. शिक्षक आपला फोन वर्गावरून फिरवतो आणि कोणी काय उत्तर दिले ते त्याच्या पडद्यावर नोंदले जाते. आकृती प्रत्येकाची वेगळी असल्याने शेजाऱ्याचे पाहून उत्तर देता येत नाही. कार्डाचा क्रमांक हाच हजेरी क्रमांक ठेवला की काम संपले. इंटरनेट एका फोनपुरते लागते. कार्डे एकदा छापून पुठ्ठ्यावर चिकटवली की वर्षभर टिकतात. चकचकीत लॅमिनेशन टाळावे, उजेड परावर्तित होऊन कॅमेरा चुकतो.

शाळा बंद असताना राज्याच्या शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेने नोव्हेंबर २०२० मध्ये ‘स्वाध्याय’ हा उपक्रम व्हॉट्सॲपवर सुरू केला होता. आठवड्याचे प्रश्न फोनवर येत आणि उत्तराचा आकडा पाठवला की निकाल कळे. तो स्पर्धेचा खेळ नव्हता, पण प्रश्न फोनवर सोडवण्याची सवय अनेक घरांत त्यातूनच लागली.

नाव आणि वय : प्रवेश करताना मुले आवडत्या क्रिकेटपटूंची किंवा चित्रपटांतल्या पात्रांची नावे टाकतात. गंमत म्हणून ठीक, पण खेळानंतर अहवाल उघडल्यावर कोणते उत्तर कोणाचे ते कळत नाही. हजेरी क्रमांक आणि पहिले नाव, जसे ‘१७ वेदांत’, एवढे पुरते. आडनाव मागू नये. मोठ्या पडद्यावर ते सगळ्यांसमोर येते आणि आपल्याकडे आडनावावरून जात ताडणारे कमी नाहीत. फोन क्रमांक, जन्मतारीख, शाळेचे पूर्ण नाव यांपैकी काहीही प्रवेशासाठी आवश्यक नसते. एखादे पान ते मागत असेल तर ते खेळाचे पान नव्हे. भारताच्या २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालील व्यक्ती बालक धरली आहे. बालकांची माहिती घेण्यासाठी पालकांची पडताळता येणारी संमती लागते आणि त्यांना उद्देशून जाहिराती दाखवण्यास मनाई आहे. मुलाला स्वतंत्र खाते उघडून देण्यापेक्षा शिक्षकाच्या खात्यातून कोडवर खेळू देणे म्हणूनच सुरक्षित.

अहवाल : खेळ संपल्यावर पहिल्या तिघांची नावे व्यासपीठावर येतात, वर्ग टाळ्या वाजवतो आणि बहुतेक ठिकाणी तास तिथेच संपतो. खरे काम त्यानंतरच्या पानावर असते. कोणता प्रश्न सर्वाधिक मुलांना चुकला आणि ती कोणत्या पर्यायाकडे गेली, हे तिथे एका नजरेत दिसते. अर्ध्या वर्गाने नागपूर वसवल्याचे श्रेय रघूजी भोसल्यांना दिले असेल तर दुसऱ्या दिवशीची पहिली दहा मिनिटे देवगडच्या गोंड राज्यावर घालवावीत आणि तोच एक प्रश्न, पर्यायांचा क्रम बदलून, पुन्हा विचारावा.