ऑल्डस स्नो तोच, जोना हिल मात्र वेगळा

'फर्गेटिंग सारा मार्शल' (2008) पाहून झाल्यावर 'गेट हिम टू द ग्रीक' (2010) लावला की हमखास प्रश्न पडतो: हवाईच्या हॉटेलातला तो वेटर रेकॉर्ड कंपनीत कधी चिकटला? चिकटलाच नाही. जोना हिल पहिल्यात वेटर मॅथ्यू आहे आणि दुसऱ्यात आरन ग्रीन. नट एक, माणसं दोन. रसेल ब्रँडचा रॉकस्टार ऑल्डस स्नो मात्र दोन्हीकडे तोच. त्यामुळे दुसरा चित्रपट सीक्वेल नाही, स्पिन-ऑफ आहे. गोष्ट पुढे जात नाही, एक पात्र उठून दुसऱ्या गोष्टीत जातं. आणि हो, नावातला 'ग्रीक' कुणी माणूस नाही, लॉस एंजेलिसचं खुलं नाट्यगृह आहे.

दिग्दर्शक दोन्हींचा निकोलस स्टोलरच. पहिल्याची पटकथा जेसन सेगलची, आणि नायक पीटरही तोच झालाय. त्यातला ऑल्डस मुळात लेखक होता. ब्रँड ऑडिशनला आला आणि त्याचा रॉकस्टार झाला.

पहिला चित्रपट सोवळा आहे असं मुळीच नाही. प्रेयसी सारा सोडून चाललीय आणि पीटर तिच्यासमोर नागडा उभा, टॉवेल पायाशी. प्रेक्षक हसतो, पण त्याला कपडे घाल म्हणावंसंही वाटतं. इथला चावटपणा दुखण्याला धरून येतो. पीटरचं ड्रॅक्युलावरचं बाहुल्यांचं संगीतक ऐकायला हास्यास्पद, पण तो ते अगदी जीव तोडून गातो.

'ग्रीक'मध्ये गणित उलटं. आरनला 72 तासांत ऑल्डसला लंडनहून त्या ग्रीक नाट्यगृहातल्या कार्यक्रमाला पोचवायचंय. मग दारू, ओकाऱ्या, आणि विमानतळावर आरनने कुठल्या जागी हेरॉइन लपवलं ते इथे न लिहिलेलं बरं. आचरटपणा आधी, भावना सापडली तर सापडली. आरन, त्याची मैत्रीण आणि ऑल्डस असा तिघांचा प्रसंग तर मला ओढूनताणून आणलेला वाटतो. सारा मार्शल यात टीव्हीवर क्षणभर झळकते, एवढंच.

तरी मला दुसराच जास्त उदास वाटतो. पहिल्यातला ऑल्डस व्यसनं सोडलेला, निवांत, बेफिकीर. मॅथ्यू मोठ्या आशेने विचारतो, माझी सीडी ऐकलीत का? ऑल्डसचं उत्तर साधारण असं: ऐकणार होतो, पण मग आपलं आयुष्य जगत राहिलो. किती सहज! दुसऱ्यात त्याचा अल्बम आपटलाय, बाई सोडून गेलीय आणि तो पुन्हा बाटलीला लागलाय. शेवटी हॉटेलच्या गच्चीवरून तरणतलावात उडी घेतो, हात मोडतो आणि तशाच हाताने स्टेजवर जातो.

म्हणून आधी 'सारा मार्शल'च बघा. तो सीडीवाला ऑल्डस डोक्यात असेल, तर गच्चीवरचा हा ऑल्डस बघताना नुसतं हसू येत नाही.