लाल बासनातली पोथी : सकळ लिपीची पार्श्वभूमी

अमरावती जिल्ह्यात, मोर्शी तालुक्याच्या अंगाला आमचं गाव. तिथे एका घरात माळ्यावर लाल बासनात बांधलेली पोथी होती. "त्या पोथीले हात नोको लावू, बापू," असं आजी बजावायची. पोथी मंतरलेली आहे, अनधिकारी माणसाने उघडली तर घरात दुखणं येतं, असा सगळ्यांचा समज. समज पसरायला कारणही होतं. पानावरची अक्षरं बाळबोधच दिसत, एकेक ओळखता येई, पण जोडून वाचायला गेलं की शब्दच लागत नसे. वाचता येणाऱ्या माणसालाही जे वाचता येत नाही ते जादूचंच असणार, हे गावाचं गणित होतं.

ती पोथी महानुभाव पंथाची, सकळ लिपीत लिहिलेली. २०२४ मध्ये या पंथाचं तीर्थ असलेल्या रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ सुरू झालं आणि त्याच वर्षी मराठीला अभिजात दर्जा मिळाला. तेव्हापासून या पोथ्यांबद्दल पुन्हा बोललं जातंय, आणि दर वेळी 'गुप्त लिपी' हा शब्द पुढे येतो. सगळा घोळ या शब्दात आहे.

पंथाचे संस्थापक चक्रधर, त्यांचे गुरू गोविंदप्रभू, चक्रधरांच्या आठवणी म्हणजे लीळा लिहून काढणारे म्हाइंभट, ही नावं इकडच्या वाचकाला नवी नाहीत. त्या लीळांचा गद्य ग्रंथ, लीळाचरित्र, इ.स. १२७८ च्या आसपास रिद्धपुरात लिहिलं गेलं. पुढे खिलजीच्या फौजा आल्यानंतरच्या धामधुमीत मूळ प्रत गेली, आणि ज्यांना ती पाठ होती त्यांच्याकडून ती पुन्हा उतरवून घेतली. म्हणूनच तिचे वेगवेगळे पाठ झाले. सकळ लिपी आली ती यानंतर, चौदाव्या शतकाच्या मध्याला. तिच्या मागून सुंदरी, अंक, शून्य अशा आणखी लिप्या निघाल्या. तत्त्व साधं : एका अक्षराच्या जागी दुसरं अक्षर. कोणत्या जागी कोणतं, हे गुरूने शिष्याला सांगायचं.

आता 'गुप्त' कुणापासून? शाळेत आम्हाला सांगितलं गेलं की परकीय आक्रमणापासून ग्रंथ वाचवायला ही युक्ती केली. मला हे कधीच पटलं नाही. फारसी जाणणाऱ्या शिपायाला साधी मराठी तरी कुठे वाचता येत होती? त्याला पोथी जाळायची तर तो न वाचताच जाळणार. अक्षरांची अदलाबदल उपयोगी पडते ती मराठी वाचणाऱ्यासमोर, म्हणजे शेजारच्या गावच्या माणसासमोर. पंथ वेदप्रामाण्य मानत नव्हता, बायांना आणि सगळ्या जातींच्या लोकांना दीक्षा देत होता. त्याची टवाळी आणि छळ घरच्यांकडूनच झाला. 'महानुभाव'चा अपभ्रंश असलेला 'मानभाव' हा शब्द शिवीसारखा वापरला गेला, म्हणी निघाल्या, उत्तर पेशवाईत पंथाविरुद्ध सरकारी आज्ञा निघाल्या. हे लक्षात घेतलं की सकळ लिपीची गरज समजते.

पंथातले जाणकार दुसरंही एक कारण सांगतात, आणि तेही तितकंच खरं वाटतं. संकेतात लिहिलेलं पान नकलणाऱ्याला सहजासहजी 'सुधारता' येत नाही. एकदा ग्रंथ गमावून तो आठवणीतून उभा केलेल्या लोकांना अक्षर अन् अक्षर जपायचं होतं. म्हणून मी 'सांकेतिक लिपी' म्हणतो. 'गुप्त' म्हटलं की काहीतरी लपवलं होतं असा वास येतो, आणि त्याच वासातून आमच्या गावची ती भीती निघाली.

एक गोष्ट मात्र सलते. चक्रधरांनंतर पंथ सांभाळणाऱ्या नागदेवाचार्यांनी आपल्या विद्वान शिष्याला संस्कृतात लिहू दिलं नव्हतं, का तर 'माझ्या म्हाताऱ्या त्याला मुकतील'. त्याच ग्रंथांना पुढे किल्ली लागली आणि दीक्षा न घेतलेल्या म्हाताऱ्या बाहेर राहिल्या. माझी आजी त्यातलीच.

किल्ली बाहेर आली ती विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत. एका इतिहाससंशोधकाने सकळ लिपी उलगडली, काही महंतांनीही पोथ्या दाखवल्या. मग यवतमाळच्या एका अभ्यासकाने १९२५ मध्ये या वाङ्मयाचा आढावा छापला, आणि १९३० च्या दशकात नागपूरकडून लीळाचरित्र छापील रूपात आलं. मराठी गद्याचा उगम कितीतरी मागे गेला. या आनंदात पंथाला काय वाटलं हे फारसं कुणी विचारलं नाही. अनुयायांसाठी ती नित्य स्मरणाची पोथी होती, संशोधकांसाठी साधन. लीळाचरित्राच्या १९७८ च्या आवृत्तीवरून हा ताण उघड झाला, आक्षेप घेतले गेले, प्रकरण न्यायालयात गेलं. संशोधनाचा मी ऋणी आहे, त्याच्याशिवाय मला एक ओळ वाचता आली नसती. तरी पंथाची तक्रार आडमुठेपणाची होती असं मी म्हणणार नाही. सहाशे वर्षं ज्यांनी माळ्यावर, भुयारात, डोक्यावर वाहून पोथ्या जपल्या, त्यांना छापण्याआधी विचारायला हवं होतं.

गेल्या उन्हाळ्यात ती लाल बासनातली पोथी सोडली. शेजारच्या मठातले एक वयस्कर बाबा आले होते. दोन लाकडी फळ्या, मध्ये लांबट सुटी पानं, कडा उंदरांनी कुरतडलेल्या, शाई मात्र काळीभोर. बाबांनी हात धुतले, पान कपाळाला लावलं आणि सरळ वाचायलाच लागले, आपण वर्तमानपत्र वाचतो तसे. गोविंदप्रभूंच्या लीळा होत्या. रिद्धपुरातल्या गल्ल्या, घरोघरी जाऊन खाणं, मुलांमधला खेळ. आणि मग गावकऱ्यांनी गोविंदप्रभूंना, म्हणजे राऊळांना, घातलेली ती हाक, 'राऊळ माय, राऊळ बाप'. आजीच्या वयाच्या चार बाया दाराशी उभ्या होत्या. बाबांनी ती ओळ वाचली तशी त्यांतली एक आत येऊन पोथीजवळ बसली.