वेतनत्रुटी आणि त्यावरचे कोर्टकज्जे (सोलापूर)

वेतनत्रुटी म्हणजे सरकारी कर्मचाऱ्याचा पगार त्याच्या पदाला, ज्येष्ठतेला आणि नियमाला धरून जिथं बसायला पाहिजे तिथं न बसणं. ऑफिसात कुणी एवढं लांबण लावत नाही, "फिक्सेशन (वेतननिश्चिती) चुकलंय" म्हणतात आणि समोरच्याला सगळं कळतं. महिन्याला पाच-सातशेचा फरक दिसतो पण त्याच बेसिकवर, म्हणजे मूळ पगारावर, महागाई भत्ता, घरभाडं, पुढची सगळी इन्क्रिमेंट, ग्रॅच्युइटी आणि पेन्शन उभी राहते, म्हणून माणूस रिटायर झाला तरी ही चूक त्याच्याबरोबर घरी येते.

यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि लोक त्या हमखास एकत्र करतात. एक, अख्ख्या संवर्गाचा, म्हणजे एकाच प्रकारच्या सगळ्या पदांचा, स्केलच कमी धरलेला असणं. दोन, स्केल बरोबर पण त्या एका माणसाची वेतननिश्चिती चुकलेली असणं. पहिल्यासाठी सरकार समित्या नेमतं. सहाव्या वेतन आयोगाला हकीम समिती होती, सातव्याला बक्षी समिती, नंतर २०२४ मध्ये मुकेश खुल्लर यांच्या अध्यक्षतेखाली वेतनत्रुटी निवारण समिती. सोलापुरात या मागण्यांची धरणी पूनम गेटसमोर बसतात. कोर्टात मात्र हा मुद्दा जड जातो, कारण पदाची किंमत ठरवणं हे तज्ज्ञ समितीचं काम, उघड भेदभाव दिसल्याशिवाय आम्ही हात घालणार नाही अशीच कोर्टांची भूमिका राहिलीय. समान कामाला समान वेतन हे तत्त्व सुप्रीम कोर्टानं १९८२ च्या रणधीर सिंग खटल्यात उचलून धरलं, २०१६ मध्ये जगजित सिंग खटल्यात हंगामी कर्मचाऱ्यांनाही लावलं, पण काम खरंच समान आहे हे सिद्ध करायचं ओझं मागणाऱ्यावर असतं.

दुसरा प्रकार म्हणजे निव्वळ आकडेमोड. सातव्या आयोगात १ जानेवारी २०१६ च्या जुन्या बेसिकला २.५७ ने गुणून तक्त्यातला पुढचा टप्पा द्यायचा होता. आता २४०० ग्रेड पे (पदाच्या दर्जाप्रमाणं जुन्या बेसिकमध्ये धरलेली रक्कम) वाले दोघं घ्या, एकाचं ९६०० दुसऱ्याचं ९८९०, म्हणजे बरोबर एका इन्क्रिमेंटचं अंतर. ९६०० चे होतात २४,६७२ आणि ९८९० चे २५,४१७, पण त्यांच्या नव्या स्केलची, एस-८ ची, सुरुवातच २५,५०० पासून, म्हणून दोघंही २५,५०० वर. सीनियरचं एक वर्ष तिथंच गेलं. असंच प्रमोशनच्या तारखांमुळं किंवा विकल्प (नवा पगार कोणत्या तारखेपासून घ्यायचा याची लेखी निवड) चुकीचा दिल्यामुळं कधीकधी ज्युनिअर पुढं जातो. त्यासाठी सीनियरचा पगार ज्युनिअरच्या बरोबरीला आणायची सोय आहे, सुप्रीम कोर्टानं २००९ मध्ये गुरचरण सिंग ग्रेवाल प्रकरणात हेच सांगितलं. प्रमोशन न मिळाल्यास १०, २०, ३० वर्षांनी वरचा स्केल देणाऱ्या आश्वासित प्रगती योजनेतही असे घोळ पुष्कळ होतात.

चूक बहुतेक वेळा उशिरा सापडते, कारण सेवापुस्तक पुण्याच्या वेतन पडताळणी पथकाकडं जातं ते बऱ्याचदा रिटायरमेंट तोंडावर आल्यावर. माझ्या वडलांचं पुस्तक असंच परत आलं, तांबड्या शाईत दोन ओळींचा आक्षेप, बारा वर्षांपूर्वीचं एक इन्क्रिमेंट जादा दिलंय, वसूल करा. रिटायर व्हायला चार महिने राहिलेले. ते फिक्सेशन त्यांनी केलं नव्हतं, ऑफिसनंच केलेलं, तरी ते दोन दिवस नीट जेवले नाहीत, मला आजही त्याचा राग येतो. अशा वेळी २०१४ चा रफिक मसीह निकाल कामाला येतो. वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून, रिटायर झालेल्या किंवा वर्षभरात होणाऱ्यांकडून, आणि पाच वर्षांपेक्षा जास्त काळ दिलेली जादा रक्कम वसूल करता येत नाही. पण विकल्पाच्या वेळी सही केलेलं, जादा पैसे आले तर परत करीन असं हमीपत्र दाखवून सरकार वसुलीचा हक्क सांगतं, त्याला २०१६ च्या जगदेव सिंग निकालाचा आधार घेतात. शिवाय वसुली थांबली तरी पगार खाली आणून पेन्शन त्यावर बसवता येते, हे कुणी आधी सांगत नाही.

दाद कुठं मागायची हे मालक कोण त्यावर ठरतं. कलेक्टर ऑफिस, कोषागार, पोलीस अशा राज्य सरकारी लोकांना मॅट, म्हणजे १९९१ ला सुरू झालेलं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सोलापूरला त्याचं मुंबई खंडपीठ लागतं म्हणून रात्रीची सिद्धेश्वर एक्स्प्रेस ठरलेली. रेल्वेवाल्यांना कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. झेडपीचे शिक्षक, ग्रामसेवक, महापालिकेचे लोक मॅटमध्ये जात नाहीत, त्यांना थेट हायकोर्ट, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूरचं ते काम कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडं आहे. मॅटच्या निकालावरही आधी हायकोर्टातच जावं लागतं, १९९७ च्या चंद्रकुमार निकालापासून.

मुदतीचं नीट समजून घ्या. मॅटमध्ये अंतिम आदेशापासून एक वर्ष, निवेदनाला उत्तरच नाही आलं तर सहा महिने थांबून पुढचं एक वर्ष. चुकीचा पगार ही दर महिन्याला नव्यानं घडणारी चूक मानतात (एम. आर. गुप्ता, १९९५), म्हणून उशिरा गेलं तरी दार बंद होत नाही, पण थकबाकी साधारण मागच्या तीन वर्षांचीच मिळते (तरसेम सिंग, २००८). म्हणून बारनिशीत अर्ज देऊन आवक शिक्क्याची पोच घेतलेली बरी, साहेबाच्या टेबलापाशी तोंडी सांगितलेलं कुठंच धरत नाहीत.

३० जूनला रिटायर झालेल्यांचं १ जुलैचं इन्क्रिमेंट हे याचं ताजं उदाहरण. वर्षभर काम केलं तर ते द्यावं असा निकाल ११ एप्रिल २०२३ ला लागला. पुढं सुप्रीम कोर्टानं केंद्राच्या प्रकरणात स्पष्ट केलं की जे कोर्टात गेलेच नव्हते त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून, आणि ज्यांनी आधीच याचिका टाकून निकाल मिळवला होता त्यांचा निकाल तसाच राहील. एकच चूक, एकच हक्क, पण मागच्या वर्षांचे पैसे अर्जाच्या तारखेवर ठरले.