लिना ब्राक्निते : चेहरा विल्न्युसचा, आवाज लेनिनग्राडचा

सोव्हिएत काळातल्या लिथुएनियन सिनेमाचा विषय निघाला की दोनातास बान्योनिससारख्या नटांची नावं आधी येतात. अभिनेत्रींमध्ये मात्र देशभर घरोघरी पोचलेला एक चेहरा शाळकरी मुलीचा होता. लिना ब्राक्निते, जन्म 1952.

लिथुएनियाच्या राजधानीतला, विल्न्युसचा स्टुडिओ छोटा, वर्षाला मोजकेच कथापट काढणारा. पटकथेला वरून मंजुरी लागायची ती वेगळीच. स्तालिननंतर वातावरण जरा सैलावलं, तसे तिथले तरुण दिग्दर्शक पुढे आले. अरुनास झेब्रियूनास त्यांतलाच, शिक्षणाने वास्तुविशारद. 1960 साली चार लघुकथांच्या एका चित्रपटातली एक कथा त्याने केली आणि पुढेही मुलांच्याच गोष्टी सांगत राहिला. माझ्या मते त्यात धोरणीपणाही असावा, कारण मोठ्यांच्या तोंडी अडचणीची ठरणारी गोष्ट लहान मुलांच्या कथेत खपून जाते. युरी नागिबिनच्या कथेवरून त्याने 1964 मध्ये ‘मुलगी आणि प्रतिध्वनी’ केला. डोंगरातले प्रतिध्वनी जमवणारी, त्यांच्याशी बोलणारी मुलगी म्हणजे लिना. मित्र ऐन वेळी कच खातो, एवढंच कथानक. पण तिच्या चेहऱ्यावर ते सगळं वाचता येतं.

या चेहऱ्याला मग लेनिनग्राडहून बोलावणं आलं. अलेक्सेई बातालोव युरी ओलेशाच्या ‘तीन लठ्ठ’ या कादंबरीवर चित्रपट करत होता. तो 1966 मध्ये आला. त्यात लिना झाली सर्कशीतली सुओक. राजवाड्यातल्या लहानग्या वारसाची बाहुली मोडते, सुओक हुबेहूब तिच्यासारखी दिसते, म्हणून बाहुली बनून ती आत शिरते आणि कैदेतल्या बंडखोर प्रोस्पेरोला सोडवते. म्हणजे पापणीही न हलवता, यंत्रासारखं वळायचं आणि तरी प्रेक्षकाला आतली धडधड कळू द्यायची! भल्याभल्यांची भंबेरी उडावी असं हे काम.

पडद्यावर मात्र सुओक बोलते ती अलिसा फ्रैंडलिखच्या आवाजात. ही लेनिनग्राडची नामवंत रंगभूमी-अभिनेत्री तेव्हा तिशी ओलांडलेली. लिथुएनियासारख्या बाल्टिक प्रदेशातल्या कलाकारांच्या बाबतीत असं सर्रास व्हायचं. रशियन बोलताना त्यांचा हेल लपत नसे, म्हणून चेहरा त्यांचा ठेवून डबिंग दुसऱ्याकडून करून घेत. दिग्दर्शक तारकोव्स्कीच्या ‘सोलारिस’ चित्रपटात खुद्द बान्योनिसचेही संवाद व्लादिमिर तातोसोवच्या आवाजात आहेत. ही त्या काळची सोय होती हे मान्य, तरी मला ती खटकते. नट निम्माच उरतो.

1967 मध्ये ओदेसा स्टुडिओच्या ‘दुब्रावका’त समुद्रकाठच्या हट्टी, पोरसवदा मुलीची मुख्य भूमिका तिने केली. त्यानंतर अशी मोठी भूमिका नाही. ती इतिहास शिकली आणि ग्रंथालयात नोकरीला लागली.